गावातून जगाच्या राजकारणावर बोलायचं आहे? मग थंबनेल शेवटी बनवा

आमच्या तालुक्यात जगाच्या राजकारणावर मराठीत बोलणारी चार यूट्यूब चॅनल आहेत. एक जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातून सरकी वेगळी काढणाऱ्या कारखान्यात, कामाला असलेला पोरगा चालवतो, एक डीएड होऊन घरी बसलेला, एक ग्रामपंचायतीत ऑपरेटर असलेली ताई, आणि चौथं माझं. तिघंही अधूनमधून माझ्या ओसरीवर येतात आणि गाऱ्हाणं एकच सांगतात: "भाऊ, रात्रभर जागून व्हिडिओ बनवतो, अन् पानठेल्यावरचा कोणीबी दोन मिनिटात चूक काढते."

मेहनत खरी असते, पण क्रम उलटा असतो. आधी थंबनेल, म्हणजे व्हिडिओच्या तोंडावरचं चित्र, मग मत, मग त्या मताला शोभतील अशा बातम्या. बरेचदा मतही उसनं असतं. रात्री दहाला एखाद्या हिंदी यूट्यूबरने जे सांगितलं तेच सकाळी सातला मराठीत, मधे फक्त "राजेहो" टाकून. मोठ्या वाहिन्यांवर विश्वास नाही म्हणून लोक आपल्याकडे वळतात आणि आपण त्यांना तिसऱ्याच कोणाचं उष्टं वाढतो.

खालचा क्रम दहा-बारा मिनिटांच्या एका भागासाठी आहे. मला त्याला चार दिवस लागतात. वेळ कमी असेल तर विषय लहान करा, पायरी गाळू नका.

१. विषय कोणत्या वाटेने इथवर येतो ते एका वाक्यात लिहा

कोरा कागद घ्या आणि लिहा: ही गोष्ट आपल्या बाजार समितीपर्यंत, खताच्या दुकानापर्यंत किंवा आपल्या माणसापर्यंत कोणत्या वाटेने पोचते? कापसाचं आयात शुल्क, खाद्यतेलाचं आयात शुल्क, डीएपी खताची जहाजं, वरुड-मोर्शीची बांगलादेशात जाणारी संत्री, आखातात कामाला गेलेला चुलतभाऊ. वाट सापडली की विषय निम्मा तयार.

मात्र ओढूनताणून वाट काढू नका. गाझातल्या युद्धावर भाग करायचा असेल तर तो माणूस म्हणून, नागरिक म्हणून करा. त्याचा कापसाच्या भावाशी संबंध जोडायची गरज नाही. आमच्या भागात ही खोड फार आहे. कुठेही बॉम्ब पडला की शेवटच्या मिनिटात "म्हणून सोयाबीन पडलं".

वाट सापडली तरी ती एकच आहे असं धरून चालू नका. २०२५ चा ऑगस्ट घ्या. कापसावरचं ११ टक्के आयात शुल्क केंद्र सरकारने १९ ऑगस्टपासून काढलं, आधी ३० सप्टेंबरपर्यंत आणि मग मुदत वाढवून ३१ डिसेंबरपर्यंत. २७ ऑगस्टला अमेरिकेने भारतीय मालावरचं शुल्क ५० टक्क्यांवर नेलं. दोन्ही गोष्टी आठवडाभराच्या अंतराने घडल्या म्हणून डझनभर व्हिडिओ आले: ट्रम्पच्या दबावामुळे शुल्क काढलं. असेलही. पण हेच शुल्क एप्रिल २०२२ मध्येही काढलं होतं आणि ते ऑक्टोबरअखेरपर्यंत माफ होतं. तेव्हा ट्रम्प अध्यक्ष नव्हते. त्या हंगामात आपल्याकडे कापूस क्विंटलला दहा हजारांच्या वर गेला होता आणि सूतगिरण्या ओरडत होत्या. म्हणजे गिरण्यांचा दबाव हे कारण आधीपासून जिवंत आहे, वॉशिंग्टन असो वा नसो. "दबाव होता" हे म्हणायला बंदी नाही, पण ते अंदाज म्हणून सांगा आणि २०२२ ची गोष्ट लपवू नका.

संत्र्याचंही तसंच. ५ ऑगस्ट २०२४ ला बांगलादेशच्या पंतप्रधान शेख हसीना सत्ता सोडून ढाक्याहून निघाल्या आणि लगेच "आता संत्री अडकली" असे व्हिडिओ सुरू झाले. बांगलादेशाने संत्र्यावरचं शुल्क त्याच्या कित्येक वर्षं आधीपासून वाढवत नेलं होतं आणि निर्यात हसीनांच्याच काळात रोडावली होती. बागाईतदाराला हे तोंडपाठ असतं. तुमचा व्हिडिओ तो अर्ध्यात बंद करतो.

तपासा: कारण म्हणून जे सांगताय ते परिणामाच्या आधी घडलं होतं का? आणि ते कारण नसतानाही तसाच परिणाम पूर्वी झाला होता का?

२. वहीत चार रकाने आखा

दावा, कोणाकडून ऐकला, मूळ कागद कोणता, खात्री किती. एवढंच. मोबाइलमध्ये नको, शंभर पानी वहीतच करा. मोबाइलमध्ये आपण कॉपी-पेस्ट करतो आणि कॉपी-पेस्ट केलेलं वाचत नाही.

एका भागात साधारण पंधरा ते वीस दावे येतात. तिसरा रकाना रिकामा राहिला तर तो दावा व्हिडिओत येत नाही, किंवा "अमुकने असं म्हटलं आहे, मला कागद सापडला नाही" असं सांगून येतो. पहिल्या महिन्यात बहुतेकांचे अर्धे दावे इथेच गळतात. गळू द्या.

३. मूळ कागदापर्यंत जा

लोक सगळ्यात जास्त इथे चुकतात, म्हणून इथे जरा थांबतो.

मूळ कागद म्हणजे ज्याने निर्णय घेतला त्याचाच मजकूर. केंद्र सरकारची प्रसिद्धिपत्रकं पत्र सूचना कार्यालयाच्या संकेतस्थळावर असतात, पीआयबी म्हणतो तेच. सीमाशुल्काच्या अधिसूचना अप्रत्यक्ष कर मंडळाच्या संकेतस्थळावर, आयात-निर्यातीचे नियम विदेश व्यापार महासंचालनालयाच्या. परराष्ट्र मंत्रालय प्रवक्त्याच्या पत्रकार परिषदेचा शब्दशः मजकूर टाकतं. टीव्हीवरच्या दहा सेकंदांच्या तुकड्यापेक्षा तो वाचायला पाच मिनिटं लागतात, पण प्रश्न काय विचारला होता ते कळतं. अमेरिकेचे आदेश व्हाइट हाउसच्या आणि फेडरल रजिस्टरच्या, म्हणजे तिथल्या राजपत्राच्या, पानावर. संयुक्त राष्ट्रांच्या मतदानाचा तपशील त्यांच्याच डिजिटल ग्रंथालयात, देशानुसार. सगळं फुकट आहे.

इंग्रजी अडतं, खरं आहे. गूगल भाषांतर वापरा, पण नकार, अट आणि तारीख असलेली वाक्यं इंग्रजीत परत वाचा किंवा गावातल्या मास्तरांना दाखवा. यंत्र नेमकं तिथेच दगा देतं. "करू शकेल" आणि "करील" यात युद्धाइतकं अंतर असतं.

मतदान सांगताना

"भारताने रशियाच्या बाजूने मत दिलं" हे वाक्य मी किती व्हिडिओत ऐकलं त्याची गणती नाही. २ मार्च २०२२ ला संयुक्त राष्ट्रांच्या महासभेत युक्रेनवरच्या रशियन हल्ल्याविरुद्धचा ठराव आला. १४१ बाजूने, ५ विरोधात, ३५ तटस्थ. भारत तटस्थ होता. तटस्थ राहणं म्हणजे विरोधात मत देणं नव्हे, आणि गैरहजर राहणं तर तिसरीच गोष्ट. त्याच्या काही दिवस आधी, २५ फेब्रुवारीला, सुरक्षा परिषदेत ११ देशांनी बाजूने मत देऊनही ठराव पडला, कारण रशियाने नकाराधिकार, म्हणजे एकट्याच्या मताने ठराव पाडायचा हक्क, वापरला. महासभेत नकाराधिकार नसतो, पण तिथला असा ठराव देशांना बंधनकारकही नसतो. या दोन सभा वेगळ्या आहेत, त्यांची सरमिसळ केली की पुढचं सगळं विवेचन वाया.

गाझाबाबत तर तारीख सांगितल्याशिवाय बोलूच नका. २७ ऑक्टोबर २०२३ च्या ठरावावर भारत तटस्थ राहिला. १२ डिसेंबर २०२३ च्या युद्धविरामाच्या ठरावाला भारताने पाठिंबा दिला, त्याला १५३ मतं पडली. एकाने पहिलं पाहिलं आणि दुसऱ्याने दुसरं, तर चावडीवर दोघं भांडतात आणि दोघंही खरे असतात. तुमचं काम दोन्ही तारखा शेजारीशेजारी मांडायचं.

न्यायालय सांगताना

"आंतरराष्ट्रीय न्यायालयाने वॉरंट काढलं" असं म्हटलं की चुकलात. हेगमध्ये दोन वेगळी न्यायालयं आहेत. आंतरराष्ट्रीय न्यायालय देशा-देशांमधले वाद ऐकतं. पाकिस्तानच्या कैदेतले कुलभूषण जाधव यांच्यासाठी भारताने पाकिस्तानविरुद्ध नेलेला खटला तिथेच होता, निकाल १७ जुलै २०१९ चा. आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय माणसांवर खटला चालवतं. पुतिन यांच्यावर मार्च २०२३ मध्ये आणि नेतान्याहू यांच्यावर नोव्हेंबर २०२४ मध्ये निघालेली अटक वॉरंट त्याची. भारत या दुसऱ्याचा सदस्य नाही. आमच्याकडे जाधवांचं नाव घेतलं की फरक लगेच लक्षात येतो, म्हणून मी दर वेळी तेच उदाहरण देतो.

तारीख सांगताना

एका निर्णयाला तीन तारखा असतात: घोषणेची, सहीची, अंमलाची. अमेरिकेच्या वाढीव २५ टक्क्यांच्या आदेशावर सही ६ ऑगस्ट २०२५ ची, अंमल २७ ऑगस्टचा (आधीचे २५ आणि हे २५ मिळून वरचे ५०). ऑगस्टात वॉशिंग्टनची मध्यरात्र म्हणजे आपल्याकडचे सकाळचे साडेनऊ. न्यूयॉर्कमध्ये संध्याकाळी झालेलं मतदान आपल्या घड्याळात दुसऱ्या दिवशी पहाटे पडतं. वहीत तारखेपुढे "तिथली" की "इथली" हे लिहा.

थांबा: वर दिलेल्या शुल्कांचे आकडे त्या-त्या तारखेचे आहेत. असले आकडे महिन्याभरात बदलतात. रेकॉर्डिंगच्या दिवशी सकाळी प्रत्येक दर पुन्हा पाहा.

४. बातमी कोणाच्या पैशावर आली ते नोंदवा

"मी पाश्चात्त्य मीडिया पाहत नाही, मी पर्यायी पाहतो," असं डीएडवाला पोरगा म्हणाला. पाहत होता आरटी. आरटी रशियन सरकारच्या पैशावर चालतं. सीजीटीएन चिनी सरकारचं, प्रेस टीव्ही इराणचं, टीआरटी तुर्कस्तानचं, अल जझीरामागे कतारचा पैसा. व्हॉइस ऑफ अमेरिका अमेरिकी सरकारच्या निधीतून उभं राहिलं, आणि बीबीसीच्या जागतिक सेवेला ब्रिटनचं परराष्ट्र खातं काही पैसा देतं. हे सगळे खोटं बोलतात असं नाही. अल जझीराचं गाझातलं वार्तांकन किंवा बीबीसीचं आफ्रिकेतलं, दुसरीकडे मिळत नाही असं पुष्कळ त्यांच्याकडे मिळतं. पैसा पाहायचा तो एवढ्यासाठी की ते कशावर गप्प बसतात ते कळावं. कतारमधल्या मजुरांबद्दल अल जझीरा किती बोलतं ते पाहा आणि मग बाकीचं ऐका.

एकट्यादुकट्या यूट्यूबरलाही हेच लावा. सप्टेंबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या न्याय खात्याने आरटीच्या दोन कर्मचाऱ्यांवर आरोपपत्र ठेवलं: त्यांनी जवळपास एक कोटी डॉलर एका अमेरिकी कंपनीमार्फत तिथल्या लोकप्रिय भाष्यकारांच्या व्हिडिओंवर खर्च केले, असा आरोप. भाष्यकारांचं म्हणणं, पैसा कुठून येतो ते आम्हाला ठाऊक नव्हतं. स्वतंत्र म्हणवणारा माणूसही नकळत कोणाचा भोंगा होऊ शकतो, तर त्याचं मराठी भाषांतर करणारा काय होईल?

आता मोजणी. तीन वर्तमानपत्रांत एकच बातमी दिसली म्हणजे तीन स्रोत झाले असं नाही. रॉयटर्स, एपी किंवा एएफपी या वृत्तसंस्थेची एकच बातमी तिघांनी छापलेली असते. एकाच विहिरीचं पाणी तीन घागरीत. ओळखायची युक्ती सोपी: बातमीतलं एखादं वाक्य अवतरण चिन्हांत टाकून शोधा. जसंच्या तसं दहा ठिकाणी आलं तर वहीत एकच स्रोत मांडा.

तपासा: ज्या देशावर बोलताय तिथल्या किमान एका पत्रकाराचं किंवा वर्तमानपत्राचं वाचलं का? बांगलादेशावर बोलताना ढाक्याचं इंग्रजी वर्तमानपत्र उघडायला पैसे पडत नाहीत.

५. चित्र, व्हिडिओ आणि नकाशा

लढाईचा व्हिडिओ मिळाला की हात शिवशिवतात. आधी हे आठवा: आर्मा ३ नावाच्या व्हिडिओ गेममधले तुकडे युक्रेनचं युद्ध, मग गाझाचं युद्ध म्हणून जगभर फिरले; शेवटी गेम बनवणाऱ्या कंपनीलाच खुलासा करावा लागला. बैरूत बंदरातला ४ ऑगस्ट २०२० चा स्फोट तर दर नव्या युद्धात पुन्हा "ताजा" होतो.

तपासणी अशी: व्हिडिओतले तीन-चार वेगवेगळे क्षण स्क्रीनशॉट काढा आणि चित्रावरून शोध घेणाऱ्या गूगल लेन्समध्ये टाका. जुन्या तारखेचं काही निघालं की विषय संपला. नाही निघालं तर पाट्यांवरची भाषा, गाड्यांच्या नंबरपाट्या, अंगावरचे कपडे आणि ऋतू बघा. जानेवारीत कीव्हमध्ये हाफ शर्ट घालून कोणी फिरत नाही. आवाज बंद करून एकदा पाहा, कारण आवाज बरेचदा वरून चिकटवलेला असतो. तरी खात्री नाही? वापरू नका. स्वतःचा चेहरा आणि हाताने काढलेला नकाशा एवढ्यावर बारा मिनिटं निघतात.

थांबा, नकाशा: परदेशी संकेतस्थळावरून भारताचा नकाशा उचलू नका. तिथे जम्मू-काश्मीरची, अरुणाचलची सीमा अनेकदा तुटक रेघेने दाखवलेली असते. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या नकाशाशी न जुळणारा नकाशा प्रसिद्ध करणं हा १९६१ च्या कायद्याखाली गुन्हा आहे, सहा महिन्यांपर्यंत शिक्षा होऊ शकते. सर्वेक्षण विभागाचा नकाशा त्यांच्या संकेतस्थळावर मिळतो, तोच घ्या.

परक्या वाहिनीचं फुटेज लांबलचक वापरलं की कॉपीराइटचा स्ट्राइक, म्हणजे यूट्यूबची ताकीद, येतो, आणि ९० दिवसांत तीन आले की चॅनलच जातं. टीकेसाठी छोटा तुकडा दाखवायचा असेल तर तो थांबवून त्यावर बोला, नुसता चालवू नका.

६. एककं बदला, आणि कापूस जाणणाऱ्याकडून तपासून घ्या

ही पायरी दुसऱ्या कुठल्या मार्गदर्शकात सापडणार नाही, पण विदर्भात ती चुकवून चालत नाही.

तीन वर्षांपूर्वी मी एका भागात अमेरिकेचं कापसाचं पीक सांगितलं आणि ते आपल्या गाठींशेजारी ठेवून मोठा निष्कर्ष काढला. दुसऱ्या दिवशी ओळखीचे जिनिंगचे मुनीमजी रस्त्यात भेटले. "भाऊ, त्यायची गाठ आपल्याहून जड राह्यते. आपली एकशे सत्तरची, त्यायची दोनशे अठराची." अमेरिकेची गाठ ४८० पौंडांची, म्हणजे जवळपास २१८ किलो. त्यांच्या १ कोटी ४० लाख गाठी म्हणजे आपल्या मापात सुमारे १ कोटी ८० लाख. माझा निष्कर्ष तिथेच रस्त्यावर पडला.

भावाचंही असंच. न्यूयॉर्कचा वायदा, म्हणजे पुढच्या सौद्याचा भाव, पौंडाला सेंटमध्ये असतो आणि तो रुईचा, म्हणजे सरकी काढलेल्या कापसाचा, असतो. आपला शेतकरी विकतो कापूस, सरकीसकट. समजा वायदा ७० सेंट आणि डॉलर ८५ रुपये. पौंडाचे किलो करायला २.२०४६ ने गुणा: किलोला १.५४ डॉलर, म्हणजे १३१ रुपये. ३५६ किलोची खंडी धरली तर साधारण ४६,६०० रुपये. आता एक क्विंटल कापसातून रुई निघते ३४ किलोच्या आसपास; म्हणजे रुईचे साडेचार हजार. त्यात सरकीचे पैसे मिळवा, जिनिंगचा आणि वाहतुकीचा खर्च वजा करा, तेव्हा कुठे क्विंटलच्या भावाशी तुलना होते. "तिकडे तेरा हजार, इकडे सात हजार, लूट आहे" असा व्हिडिओ मी स्वतः पाहिला आहे. बनवणाऱ्याने रुईचा भाव कापसाला लावला होता. लूट असेल तर ती दाखवायला बरोबर हिशेब लागतो, चुकीच्या हिशेबाने ती झाकली जाते.

सोयाबीन शिकागोत बुशेलने विकलं जातं, एक बुशेल २७.२ किलोचं. टन तीन प्रकारचे असतात. बिलियन म्हणजे १०० कोटी, हे पाटीवर लिहून भिंतीला लावा.

७. संहिता: माहिती, अंदाज आणि मत यांना वेगवेगळा आवाज द्या

आता कुठे लिहायला बसा. माझी पद्धत अशी: माहितीची वाक्यं निळ्या शाईत, अंदाजाची पेन्सिलीने, मताची लाल शाईत. पान पुरं झालं की दुरून बघा. सगळं लाल दिसलं तर परत तिसऱ्या पायरीवर.

ऐकणाऱ्याला शाई दिसत नाही, म्हणून तोंडाने सांगा. "कागदावर असं आहे." "यावरून मला असं वाटते." मी माहिती प्रमाण मराठीत सांगतो आणि मत वऱ्हाडीत. हे आधी ठरवून केलं नव्हतं, पण लोकांना आता कळतं, की मी "कायले" म्हणालो म्हणजे माझं मत सुरू झालं.

समोरच्याची बाजू तिच्या सगळ्यात ताकदीच्या रूपात मांडा. भारताने रशियाचं तेल घेणं तुम्हाला बरोबर वाटत असेल, तर टीका करणाऱ्यांचा मुख्य मुद्दा, म्हणजे तो पैसा युद्धाला जातो, पूर्ण सांगा, थट्टेच्या सुरात नको. चूक वाटत असेल तर स्वस्त तेलाचा आणि युरोपने स्वतः रशियन वायू घेत राहण्याचा मुद्दा तितकाच नीट सांगा. मग तुमचं मत.

आणि "ते लोक" हा शब्द खोडा. सरकार, सैन्य, जनता, धर्म हे चार वेगळे शब्द आहेत. इस्रायल सरकारवरची टीका ज्यूंवर जाऊ नये, हमासवरची टीका गल्लीतल्या मुसलमान शेजाऱ्यावर येऊ नये. आमच्याकडे बाजाराच्या दिवशी दोन्ही समाज एकाच ओट्यावर बसतात. व्हिडिओ तुम्ही नागपूरसाठी बनवा की न्यूयॉर्कसाठी, तो आधी या ओट्यावर चालतो. भारतीय न्याय संहितेचं कलम १९६ गटागटात शत्रुत्व पसरवण्याबद्दल आहे, तेही लक्षात असू द्या.

तपासा: घरातल्या अशा माणसाला वाचून दाखवा ज्याला विषयात रस नाही. माझी आई जिथे "म्हणजे काय?" विचारते तिथे मी खूण करतो. बहुतेक वेळा तिथे मलाच नीट कळलेलं नसतं.

८. रेकॉर्डिंग

यावर लोक सगळ्यात जास्त पैसे घालतात, म्हणून थोडक्यात. हजार रुपयांच्या आतला कॉलरचा माइक पुरतो. टिनाच्या खोलीत आवाज घुमतो. गाद्या, गोधड्या टांगा. कापूस भरलेली खोली तर स्टुडिओच आहे, माझे पहिले दहा भाग तिथेच झाले. फक्त दोन गोष्टी: साठवलेल्या कापसात कधीकधी अंगाला खाज सुटते, आणि तिथे हॅलोजनसारखा तापणारा दिवा किंवा उघडं वायरिंग अजिबात नको. उन्हाळ्यात पंखा बंद ठेवावा लागतो, म्हणून पहाटे बसा. भारनियमनाचं वेळापत्रक पाहून अपलोड रात्री लावा.

संहिता वाचून दाखवा, पाठ करू नका. पाठ केलेल्यात आकडे घसरतात.

९. शीर्षक, वर्णन, पैसा

आता थंबनेल. शीर्षकातला प्रत्येक शब्द व्हिडिओत आलाच पाहिजे. "भारत उद्ध्वस्त होणार?" असं प्रश्नचिन्ह लावून सुटका होत नाही, लोक प्रश्नचिन्ह वाचत नाहीत आणि तुम्हालाही ते ठाऊक असतं. वर्णनात मूळ कागदांचे दुवे द्या. पहिल्या वाक्यातच तारीख बोला, कारण तुमचा तुकडा व्हॉट्सअॅपवर दोन वर्षांनी परत येणार आहे आणि तेव्हा वर्णन सोबत नसेल.

पैशाबद्दल दोन इशारे. पहिला: परदेशातून देणगी घेऊ नका. परकीय अंशदान कायद्याच्या कलम ३ ने वार्ताहर, संपादक आणि इलेक्ट्रॉनिक माध्यमातून बातम्या-चालू घडामोडींचे कार्यक्रम बनवणाऱ्या संस्था यांना अशी देणगी घ्यायला मनाई केली आहे. अमेरिकेतला भाचा तिथला नागरिक झाला असेल तर त्याचे पाठवलेले पाचशे रुपयेही विचारात घ्यावे लागतात. यूट्यूबच्या जाहिरातीचं उत्पन्न ही वेगळी गोष्ट, पण ती सीएशी एकदा बोलून घ्या. जाहिरातीच्या वाट्यासाठी हजार सदस्य आणि वर्षभरात चार हजार तास पाहणं लागतं. त्यावर घर चालेल असं धरू नका.

दुसरा: छंद म्हणून बोलणं निराळं आणि बातम्या-चालू घडामोडींचा नियमित व्यवसाय निराळा. व्यवसाय असेल तर २०२१ चे माहिती तंत्रज्ञान नियम लागू होतात. तक्रार निवारण अधिकाऱ्याचं नाव आणि संपर्क जाहीर हवा, तक्रारीची पोच २४ तासांत आणि निर्णय १५ दिवसांत. गावात तो अधिकारी तुम्हीच असता. तरी पान बनवून ठेवा.

१०. दुरुस्ती

चूक होणारच. ती तपशिलात असेल तर पिन केलेल्या कॉमेंटमध्ये तारखेसह दुरुस्ती लिहा आणि पुढच्या भागाच्या सुरुवातीला बोलून सांगा. शेवटी नको, शेवटपर्यंत कोणी थांबत नाही. चूक शीर्षकात किंवा मुख्य मुद्द्यातच असेल तर व्हिडिओ खाली उतरवा, कारण सांगा आणि नवा बनवा. गुपचूप डिलीट केलं तर ज्याने चूक काढली त्याच्याकडे स्क्रीनशॉट असतोच.

वहीच्या मागच्या बाजूला दुरुस्त्यांची यादी ठेवा. कोणत्या पायरीवर चूक झाली तेही लिहा. माझ्या वहीत आजवर एकतीस नोंदी आहेत. त्यातल्या सतरा तिसऱ्या पायरीच्या आणि नऊ सहाव्या. रेकॉर्डिंगच्या पायरीची एकच, पंखा चालू राहिला होता.

आता भाग रेकॉर्ड करायच्या आदल्या संध्याकाळी आकड्यांचा कागद मुनीमजींकडे जातो. ते चष्मा कपाळावरून खाली घेतात, बाकी युद्ध-शांतता सगळं सोडून आधी गाठींची ओळ शोधतात आणि समोर पेन्सिलीने बरोबरची खूण करतात. खूण नसली तर मी दुसऱ्या दिवशी माइक लावत नाही.